सही फायनललाच

"सही केली न्हाई! मंडळी, पारव्यानं सही केली न्हाई!"

माझ्या मोबाइलच्या तडकलेल्या काचेतून निवेदक मुलाणीकाकांचा आवाज नुसता फुटत होता. "सेमी मारली, पण सही न्हाई! म्हंजे काय? म्हंजे सही फायनललाच!"

आणि मैदानावरच्या दहा हजार लोकांनी एका आवाजात ओरडून सांगितलं, "सही फायनललाच!"

मी आमच्या ओट्यावर बसले होते. शनिवारची सकाळची शाळा करून आलेली, अंगात अजून गणवेश, मांडीवर खारे शेंगदाणे. मीही ओरडले. का नाही ओरडणार? ती ओळ माझी होती!

आधी पारवा कोण ते सांगते. पारवा म्हणजे आमच्या तुपेवाडीच्या बाजीनाना मांडव्यांचा शर्यतीचा बैल. अंगाचा रंग कबुतरासारखा निळसर करडा, म्हणून पारवा. आमच्या घरापासून चार घरं सोडून त्याचा गोठा. आणि इन्स्टावर 'पारवा प्रेमी' नावाचं जे पेज आहे, ज्याला तेव्हा एकसष्ट हजार फॉलोअर होते, ते पेज मी चालवायचे. मी. तेजल घार्गे, आठवी ब.

हे कुणालाही माहीत नव्हतं. सगळे मला 'ॲडमिन भाऊ' म्हणायचे. मी कधी भाऊ आहे असं सांगितलं नव्हतं, पण नाही असंही सांगितलं नव्हतं. मी रोज संध्याकाळी गुळाचा खडा घेऊन गोठ्यात जायचे, पारव्याचे व्हिडिओ काढायचे. नानांना वाटायचं, पोरगी शाळेच्या प्रकल्पासाठी काढते. एकदा ते मलाच कौतुकानं म्हणाले होते, "आपल्या पारव्याचं कायतरी पेज हाय म्हनं. पुन्याचा कोन पोरगा चालवतो. लई डोक्याचा हाय."

"असेल," मी म्हटलं होतं.

गंमत म्हणजे इतकी मोठी फॅन असून मी पारव्याला मैदानात पळताना कधी पाहिलंच नव्हतं. आमच्याकडे बायका-मुली मैदानाला जात नाहीत. कुणी बंदी केलेली नाही, पण जात नाहीत. मी सगळं बघितलं ते मोबाइलवर. एकेक शर्यत वीस-वीस वेळा, हळू करून, थांबवून. त्यामुळे त्याच्या मालकालाही माहीत नसलेल्या गोष्टी मला माहीत होत्या.

त्यातलीच एक म्हणजे सही. शर्यत संपून थांबला की पारवा पुढचा उजवा पाय जमिनीवर दोनदा आपटायचा. धप, धप. मी त्याला सही नाव दिलं आणि रील टाकली. मग एका मैदानात त्यानं सेमीनंतर पाय आपटला नाही, फायनल जिंकल्यावर आपटला. मी लगेच ओळ लिहिली : पारवा सही फायनललाच करतो. तीन दिवसांत ती ओळ टी-शर्टवर आली. टेंपोच्या मागे आली. बारामतीकडच्या एका सलूनच्या आरशावर आली. त्याचा फोटो मला एकानं पाठवला होता.

तर त्या शनिवारी मी ओरडले, शेंगदाणे सांडले, आणि नेहमीसारखी सेमी मागे नेऊन पुन्हा बघायला लागले. नवीन रील करायची होती.

पारवा थांबतो. ड्रायव्हर उडी मारतो. पोरं गुलाल घेऊन धावतात. पारवा उभा.

मी थांबवलं. पुन्हा मागे नेलं.

पारवा उभा होता, पण तीन पायांवर. उजवं पुढचं खूर नुसतं टोकावर टेकलेलं, आपण चटका बसलेलं बोट जसं धरतो तसं. एका पोरानं त्याच्या पाठीवर थाप मारली तेव्हा त्यानं पाय खाली ठेवला आणि लगेच उचलला.

त्यानं सही राखून ठेवली नव्हती. त्याला पाय आपटवतच नव्हता.

फायनल चारला होती. घड्याळात तीनला दहा कमी. मी आधी नानांच्या घरी पळाले. काकू म्हणाल्या, "फोन हितंच हाय की त्यांचा. मैदानाला न्हेत न्हाईत. म्हनतात, तितं माजा कान बैलाकडं पायजे."

मग मी माझं हत्यार काढलं. पेजवर टाकलं : 'पारव्याचा पुढचा उजवा पाय दुखतोय. फायनल पळवू नका. मैदानावर जे कुणी असाल त्यांनी लगेच नानांना सांगा. ॲडमिन.'

एकसष्ट हजार लोक! त्यातले कितीतरी आज मैदानावर. मला वाटलं, झालं काम.

पहिलं उत्तर आलं : 'भाऊ, उन्हात बसलायस काय?'

दुसरं : 'ॲडमिन फुटला. समोरच्या पार्टीला जाऊन मिळाला.'

तिसरं : 'पेज हॅक झालंय, कुणी लक्ष देऊ नका.'

आणि मग एकाच वेळी पंधरावीस जणांनी तेच लिहिलं : 'सही फायनललाच! तूच सांगितलंस ना भाऊ?'

ते वाचून माझे कान तापले. मी लिहीत गेले, खूर बघा, खूर बघा, आणि ते हसणारी तोंडं टाकत गेले. सगळ्या गदारोळात एकच कमेंट वेगळी होती. 'डोंगरचा वाघ' नावाचा एक फॉलोअर होता, डीपीला जबडा उघडलेला वाघ. हा माणूस पहिल्या महिन्यापासून पेजवर. दिसायला भयंकर, पण रोज संध्याकाळी माझ्या पोस्टखाली काय लिहायचा? 'ॲडमिन भाऊ जेवलास का?' परीक्षेच्या दिवसांत तर 'भाऊ आता मोबाईल ठेव, डोळे जातील.' आम्ही सगळे त्याला हसायचो. त्या दिवशी त्यानं लिहिलं होतं : 'ॲडमिन आजवर खोटं बोलला न्हाई. नानांना सांगा कुणीतरी.'

त्यावर कुणीतरी उत्तर दिलं : 'वाघा, तू जेव.'

मी मोबाइल आपटणारच होते, तेवढ्यात आई आतून बाहेर आली. पदरानं हात पुसत, स्कूटीची किल्ली दातात धरून.

"चपला घाल," ती म्हणाली.

"कुठं?"

"पिराच्या माळाला. नऊ किलोमीटर हाय, आत्ता निघालो तर पोचतो."

"आई, पण मैदानात बायका…"

"तेजे, तो मुका जीव हाय. चपला घाल."

तिला हे कुणी सांगितलं, ते विचारायला वेळच नव्हता. पप्पा पुण्याला कंपनीत, महिन्यातून दोनदा येणारे, त्यांना विचारायलाही नव्हता. एरवी रस्त्यावरच्या कोंबडीलाही वाट देणारी माझी आई त्या दिवशी उसाच्या ट्रॅक्टरला डावीकडून ओलांडून गेली.

"आई, सावकाश!"

"तू बस गप. किती वाजले?"

"साडेतीनला चार कमी."

"ह्यांच्या फायनली कवा येळेवर हुत्यात," ती म्हणाली. मला वाटलं, ही असं म्हणतेय जसं काही दर शनिवारी मैदानात असते.

पिराच्या माळावर शेवटचा अर्धा किलोमीटर नुसती गाड्यांची रांग. स्कूटी बाभळीखाली टाकली आणि पळालो. आवाज आधी ऐकू आला, मग धूळ दिसली, मग माणसं. सगळीकडे माणसं, गाड्यांच्या टपांवर, झाडांवर, पाण्याच्या टँकरवर. मोबाइलमध्ये मैदान केवढंसं दिसतं! मी थबकलेच. पट्टा लावलेला एक स्वयंसेवक आडवा आला.

"ताई, हिकडं महिलांची सोय न्हाई."

"सोय नको," आई म्हणाली. "वाट दे."

त्यानं दिली.

नाना मात्र गाड्या सुटण्याच्या टोकाला होते, मैदानाच्या पार पलीकडे. मध्ये गर्दीची भिंत. लांबून त्यांचा गुलाबी फेटा तेवढा दिसत होता आणि त्याच्या शेजारी करडा ठिपका. ठिपक्याच्या मानेवर जू चढवायची तयारी चालली होती. गर्दीतून तिकडे पोचायला अर्धा तास लागला असता.

"स्टेज," मी म्हटलं. "मुलाणीकाका!"

स्टेज म्हणजे ट्रॅक्टरची ट्रॉली, वर कापड बांधलेलं. त्यात सुभान मुलाणी. आमच्या भागातले सगळ्यात मोठे निवेदक. त्यांच्या आवाजाचेही फॅन आहेत, त्यांचंही पेज आहे. प्रत्यक्षात अगदी काटकुळा माणूस, गळ्यात ओला टॉवेल. मी ट्रॉलीच्या चाकावर चढून त्यांची पँट ओढली.

"काका, माइक द्या. पारव्याचा पाय दुखावलाय. नानांना सांगायचंय."

त्यांनी माइकवर हात ठेवला. "कोन गं तू?"

"मी पारव्याच्या पेजची ॲडमिन."

ट्रॉलीतले चारही जण हसले. मुलाणीकाका सुद्धा. "ॲडमिन भाऊ? आगं तो मिशीवाला गडी असनार. जा बाळ, आईपासून चुकलीस काय?"

"काका, पारव्याचं पहिलं मैदान कुठलं?"

"पिंपरीचं."

"नाही. त्याच्याआधी भाटमळ्याचं. चौथी चाकोरी होती. गटात शेवटून दुसरा आला होता. आणि तुम्ही म्हणाला होतात…" मी त्यांच्यासारखी मान वर केली, डोळे मिटले, आवाज नाभीतून काढला, "'आगागागा! ह्यो बैल पळत न्हाई मंडळी, ह्यो इचार करतोय!'"

काकांचं हसू थांबलं.

"ते कुनी रेकॉर्ड केलं न्हवतं," ते हळू म्हणाले.

"माझे पप्पा होते तिथं. त्यांच्या जुन्या फोनमध्ये आहे. मी जपून ठेवलंय. तुमचं सगळंच जपून ठेवलंय मी, काका."

त्यांनी मैदानाकडे बघितलं. जू चढलं होतं. झेंडेवाला जागेवर जात होता. मग त्यांनी वाकून माझा दंड धरला, मला ट्रॉलीत ओढून घेतलं आणि माइक हातात दिला. "येक मिनिट. माजी इज्जत हाय ह्यात, ध्यानात ठेव."

मी आधी "हॅलो" म्हटलं. माझाच आवाज समोरच्या डोंगरावर आपटून परत आला. किती बारीक आवाज! गर्दी आधी हसली, मग शिट्ट्या. खाली बघितलं तर आई. तिनं फक्त हनुवटी वर केली. बोल.

"मी पारवा प्रेमी पेजची ॲडमिन. भाऊ नाही. मी मुलगी आहे, आठवीत आहे, तुपेवाडीची."

शिट्ट्या बंद.

"'सही फायनललाच' ही ओळ मी लिहिली. तुमच्या शर्टावर आहे ना, ती. मला भारी वाटली म्हणून लिहिली. पारव्याला ती ओळ माहीतच नाही. त्याला एवढंच माहितेय की आज पाय टेकवत नाही. म्हणून त्यानं सही केली नाही. आपण टाळ्या वाजवल्या, आणि तो तीन पायांवर उभा होता. माझी चूक झाली. नाना, फक्त एकदा बघा. पुढचं उजवं. खूर बघा. नंतर काय करायचं ते तुम्ही ठरवा."

"खाली उतरवा रं तिला!" कुणीतरी ओरडलं. "फायनल सोडा!" आणखी कुणीतरी. बाटली आली एक, ट्रॉलीच्या पत्र्याला लागली.

माझं लक्ष नव्हतं. मी गुलाबी फेट्याकडे बघत होते. तो हलला नाही. मग हलला. मग खाली गेला आणि दिसेनासा झाला.

इतका वेळ कुणी वाकून राहतं का! झेंडेवाला हात वर करून थांबलेला. मुलाणीकाका माझ्याशेजारी पाण्याचा पेला धरून. त्यांच्या हातातलं पाणी तसंच.

फेटा वर आला. नानांनी एक हात वर केला, आडवा हलवला. आणि दुसऱ्या हातानं पारव्याच्या मानेवरचं जू काढलं.

काय आवाज झाला म्हणून सांगू! अर्धं मैदान शिव्या घालतंय, अर्धं एकमेकांना विचारतंय काय झालं. आम्ही पलीकडच्या टोकाला पोचलो तेव्हा जनावरांचे डॉक्टर पारव्यापाशी गुडघ्यावर बसलेले. खुराच्या बेचक्यातून त्यांनी चिमट्यानं काहीतरी ओढलं. बाभळीचा काटा. माझ्या करंगळीएवढा.

"आत मोडला होता," डॉक्टर म्हणाले. "सकाळी तपासला तेव्हा नव्हता. ह्याच्यावर पुन्हा पूर्ण जोरात पळाला असता तर सांधाच गेला असता, नाना. मग हा बैल परत उभा राहिला नसता."

जोडीच्या बैलाचे मालक बोराटेअण्णा अजून तणतणत होते. "उभा हाय की न्हवं नीट! फायनल होती, बाजी! पयला नंबर हातात हुता!"

"उभा हाय, अण्णा," नाना म्हणाले, "म्हनूनच सोडलाय."

मग त्यांनी मला बघितलं. माझा गणवेश, माझ्या वेण्या, सगळं धुळीनं माखलेलं.

"पुन्याचा पोरगा तूच व्हय?"

मी मान हलवली.

"आन् सही कसली गं? खुरात माती आडकली की पाय झाडतो त्यो." ते पारव्याच्या मानेवर हात फिरवत होते. "माज्या ध्यानात न्हाई आलं. समदी वरडाय लागली, सही न्हाई, सही न्हाई… मीबी हसलो, पोरी. मीबी हसलो."

तेवढ्यात मागून धावण्याचा आवाज आला. वळून बघते तर पन्नास-साठ जण, सगळ्यांच्या अंगात तेच काळे टी-शर्ट, तोंडं गुलालानं माखलेली. आई पटकन माझ्यापुढे आली. सगळ्यात पुढे एक धिप्पाड गडी, मिशी कानापर्यंत.

"ॲडमिन भाऊ… तू?"

"हो."

"मी धैर्यशील. धैर्या पाटील शून्य सात."

ओळखलं! रोज मेसेज करणारा. "तुम्ही मघाशी मला 'फुटला' म्हणालात," मी आईच्या खांद्यावरून म्हटलं.

त्यानं जीभ चावली. "आगं, त्याच्याबी आधीचं आठव. मुलगी बघायला जाताना काय बोलू, म्हनून तुला इचारलं हुतं मी! रात…" त्यानं आईकडे बघितलं, "संध्याकाळभर डोकं खाल्लं हुतं तुजं!"

"मी सांगितलं होतं, कमी बोला."

"व्हय," तो म्हणाला. "जमलं लगीन."

सगळे हसले. आई सुद्धा. मग धैर्यशील पारव्याजवळ गेला, त्याचा उचललेला पाय बघितला, आणि त्याचं हसू गेलं. तो वळला आणि बाकीच्यांना म्हणाला, "टेंपो लांब हाय. वाट करा. आन् कुनी वरडायचं न्हाई."

आणि त्यांनी वाट केली. दोन्ही बाजूंनी हातात हात धरून उभे राहिले. बघता बघता रांग लांबत गेली, टी-शर्ट नसलेलेही येऊन जोडले गेले. शे-दोनशे माणसं असतील. आयुष्यभर ओरडण्यासाठीच मैदानात आलेली ती माणसं एक शब्द बोलत नव्हती. पारवा त्यांच्यामधून लंगडत, सावकाश चालला. एका बाजूला नाना. दुसऱ्या बाजूला कासरा धरून मी. मैदानात पारव्याला पहिल्यांदा बघितलं ते असं, त्याच्याबरोबर चालत.

फायनल दुसऱ्याच कुणीतरी मारली. कुणी, ते मला आजही आठवत नाही, आणि मला सगळं आठवतं!

याला आता दोन वर्षं झाली. मी दहावीत आहे. पारवा पाच महिने बसून होता, मग पळाला, आणि त्या पहिल्या मैदानाला नानांनी स्वतः घरी येऊन पप्पांना सांगितलं, "पोरीला घिऊन जातो. तिच्याबिगर मी जू चढवनार न्हाई." पेजला आता दोन लाख दहा हजार आहेत. ॲडमिनचा फोटो आहे त्यावर, वेण्यांसकट. धैर्यशीलनं जुने टी-शर्ट बदलून नवीन काढले, पाठीवर दोनच शब्द : खूर बघा. आणि तुम्ही आमच्या भागात कुठल्याही मैदानाला जा, अगदी कुठल्याही. फायनलची गाडी जुंपण्याआधी निवेदक थांबतो आणि म्हणतो, "मालक, खूर बघा!" मग सगळं मैदान ओरडतं, "खूर बघा!" आणि एकेक मालक वाकून आपापल्या बैलाचे चारही पाय उचलून बघतो. ही पद्धत कुठून आली, हे नवीन पोरांना माहीतही नसतं. मला माहितेय.

पण त्या संध्याकाळचं सांगायचं राहिलं. घरी आल्यावर मी ओट्यावर बसून पेज उघडलं. साडेचार हजार कमेंट. कुणी शाबासकी, कुणी शिव्या, कुणी 'मुलींनी यात पडू नये', त्याला कुणी झापलेलं. साताऱ्याहून एकीनं लिहिलं होतं, 'मीपण बाईच आहे, भावाच्या नावानं अकाउंट काढलंय.' तिच्याखाली आणखी एक. तिच्याखाली आणखी सात. मी वाचत बसले. अंधार पडला, डास चावायला लागले, पोटात शेंगदाण्यांशिवाय काही नव्हतं, तरी मी वाचतच बसले.

मोबाइल थरथरला. नवीन कमेंट. जबडा उघडलेला वाघ.

'ॲडमिन ताई, पिठलं गार व्हायलंय. आत ये.'

मी मान वळवली. स्वयंपाकघराच्या दारात आई उभी होती, एका हातात उलथनं, दुसऱ्या हातात मोबाइल.